दादाच्या आवाजातला मी

मौनी हे त्याचं खरं नाव नव्हे. शाळेतल्या पोरांनी ते ठेवलं आणि असं चिकटलं की पुढे आईसुद्धा त्याच नावानं जेवायला हाक मारू लागली. त्याची जीभ अडायची. सगळ्याच शब्दांना अडली असती तर एक वेळ परवडलं असतं. पण ज्या शब्दावाचून काम अडायचं, नेमकी त्याच शब्दाला ती अडायची. दुकानात साखर आणायला पाठवलं की साखरेतला ‘सा’ दातांमागे हटून बसायचा. मागची गिऱ्हाइकं घसे खाकरायची, दुकानदार भुवया उंचावायचा, आणि शेवटी मौनी मीठ मागून मोकळा व्हायचा, कारण ‘म’ त्यातल्या त्यात शहाणा होता. ओठ मिटून उघडले की निघायचा. घरात मिठाचे पुडे साठत गेले आणि चहा अगोड होत गेला. आई शेजारणींना सांगायची, लोक उचलली जीभ लावतात टाळ्याला. माझ्या पोराची टाळ्याला लागते, पण विचार करून.

दादा त्याच्याहून पाच वर्षांनी मोठा. त्याची जीभ म्हणजे उघडा राहिलेला नळ. मौनीला काय म्हणायचंय ते तो त्याच्या डोळ्यांत बघून ओळखायचा आणि बोलून टाकायचा. शाळेत, दवाखान्यात, पाहुण्यांसमोर, सगळीकडे मौनीच्या वतीनं दादाच. बहुतेक वेळा त्याचा अंदाज बरोबर असायचा. चुकला तरी मौनी मान डोलवायचा, कारण चूक दुरुस्त करायची म्हणजे पुन्हा बोलणं आलं. न्हाव्याच्या खुर्चीत बसल्यावर दादानं एकदा मागून सांगितलं, याचे बारीक करा. मौनीला केस वाढवायचे होते. पण त्यानं मान डोलवली, आणि मग कॉलेज संपेपर्यंत त्याचं डोकं बारीकच राहिलं.

वडील बसच्या आगारात मिस्त्री होते. ते अकाली गेले, तेव्हा आगारानं दादाला नोकरीत घेतलं. आधी त्याला टायर मोजायला बसवलं होतं. पण टायर मोजतानाही तो इतक्या स्वच्छ, खणखणीत आवाजात मोजायचा की साहेबांनी त्याला उचलून वरच्या खोलीत नेलं. तिथून गाड्या पुकारायच्या असत. खोली कसली, फलाटांच्या वर टांगलेलं कपाटच ते. तीन बाजूंनी काच, भिंतींना ठोकलेला जाड फोम, टेबलावर वाकड्या मानेचा माईक आणि शेजारी एक लोखंडी बटण. बटण खाली केलं की लाल दिवा लागायचा आणि दादाचा आवाज सगळ्या स्थानकावर पसरायचा. थोड्याच दिवसांत गावात कुणी त्याला नावानं ओळखेना. सगळ्यांसाठी तो ‘घोषणावाला’ झाला. तिकिटाच्या खिडकीत बसणारी एक मुलगी तो आवाज वर्षभर ऐकत होती. एके दिवशी ती जिना चढून वर आली, हा आवाज ज्याच्या गळ्यातून निघतो तो माणूस दिसतो कसा हे बघायला. दादा तेव्हा केळं खात होता. पुढे तीच मौनीची वहिनी झाली. ती म्हणायची, आवाजावरून मला वाटलं होतं उंच असतील.

मौनी फोटो स्टुडिओत कामाला लागला. अंधाऱ्या खोलीत फोटो धुवायचे, सुकवायचे, कडा कापायच्या. ते काम त्याला जन्मभर पुरलं असतं. फोटो धुताना कुणी प्रश्न विचारत नाही. मग मालकानं व्हिडिओ कॅमेरा आणला. खांद्यावर घ्यायचा, भरल्या पाटीएवढा जड, आत भलीमोठी कॅसेट. समारंभाला जाऊन तो चालवायचं काम मौनीकडे आलं, आणि त्याला एक गंमत कळली. कॅमेरा डोळ्याला लावलेल्या माणसाला लोक ‘बोला’ म्हणत नाहीत, उलट स्वतःच सावरून बसतात. जन्मात पहिल्यांदा समोरचे लोक गोंधळलेले आणि तो निवांत असं झालं.

त्याच सुमारास एका डॉक्टरीणबाईंनी त्याला उपाय सांगितला, की रोज आरशासमोर बसून मोठ्यानं वाचायचं. मौनीच्या खोलीतल्या आरशाचा पारा उडाला होता. म्हणून त्यानं आरशाऐवजी मालकाचा कॅमेरा समोर ठेवला, आणि वाचून झाल्यावर कॅसेट लावून बघायला बसला. आवाज ऐकवेना, म्हणून आवाज बंद केला. तेव्हा त्याला जे दिसलं ते त्यानं आधी कधी पाहिलं नव्हतं. शब्द अडला की त्याची डावी भुवई वर जायची, उजव्या मुठीत अंगठा आवळला जायचा, आणि डोळे दूर कुठेतरी लागायचे, जसे फलाटावर गाडीची वाट बघणाऱ्यांचे लागतात. त्याला वाटत आलं होतं की अडल्यावर आपण वेडेविद्रे दिसतो. इथे तर एक माणूस मन लावून काहीतरी शोधत होता. मौनी कितीतरी वेळ तो चेहरा बघत बसला. असं आपल्याच चेहऱ्यावर मन बसणं चांगलं की वाईट, हे त्याला ठरवता येईना.

त्यानं महिनोन् महिने स्वतःला टिपलं. मग त्यातले फक्त अडलेले क्षण कापून एकापुढे एक लावले. शब्द कुठेच नाही, नुसता शब्दाच्या आधीचा चेहरा. हे काय आहे हे त्याला कुणी विचारलं असतं तर सांगता आलं नसतं. पण ते बघताना वाटायचं की याखाली कुणीतरी बोलायला हवं. त्यानं एक पान लिहून काढलं. प्रत्येक वाक्य ‘मी’नं सुरू होणारं. आणि ते घेऊन तो दादाच्या काचेच्या खोलीचा जिना चढला.

गावात त्याच्याइतकी शांत खोली दुसरी नव्हती आणि तसला माईकही दुसरा नव्हता. दुपारी दोन गाड्यांच्या मध्ये बराच मोकळा वेळ असे. दादानं पान हातात घेतलं आणि सवयीप्रमाणे सुरू केलं, "मी... सात वर्षांचा... असताना..." पुढे फलाट क्रमांक येतो की काय असं वाटावं, अशा चालीत. मौनीला हसू आवरेना. पुन्हा वाचलं, पुन्हा तसंच. शेवटी मौनीनं त्याला सांगितलं की जेवताना वहिनीशी बोलतोस तसं बोल. दादा म्हणाला की जेवताना मी बोलतच नाही, तीच बोलते. पण जमलं. दुसऱ्या की तिसऱ्या दुपारी दादाचा आवाज खाली उतरला, कुणाला काही पुकारून न सांगणारा, जवळचा असा झाला. मौनीनं कॅमेरा कोपऱ्यात मांडून, माईकची एक तार त्याला जोडून तो तसाच चालू ठेवला होता, म्हणजे आवाजही त्याच कॅसेटवर यावा.

अशी त्याच्या चित्रपटांची सुरुवात झाली. आत्मचित्रं, असं तो त्यांना म्हणायचा. पुढची तीसेक वर्षं तो दोन-तीन वर्षांनी एक करत राहिला, स्टुडिओतलं पोटापाण्याचं काम सांभाळून. कधी आपल्या हातांवर, कधी आईच्या घरातल्या ज्या ज्या कोपऱ्यात तो लहानपणी लपला होता त्या कोपऱ्यांवर. एकदा सबंध वर्ष त्यानं रोज फक्त आपली सावली टिपली. आईला ते दाखवलं तर ती म्हणाली की ऊन छान पडलंय. चेहरा, हात, सावली मौनीची, शब्द मौनीचे, आवाज दादाचा. बघणाऱ्याला कधी शंका आली नाही, कारण पडद्यावर ओठ हलताना दिसतच नसत, आणि तो खाली उतरलेला आवाज घोषणावाल्याचा म्हणून कुणी ओळखतही नसे. वहिनी म्हणायची, आत्मचरित्र एकाचं आणि घसा दुसऱ्याचा. खोकल्याचं औषध मात्र माझ्या घरातलं.

एक दुपार मौनीला कायम आठवते. दादा एका गाडीची घोषणा करून मागे टेकला आणि लगेच मौनीचं पान वाचू लागला. बटण वर करायचं राहिलं. लाल दिवा दोघांच्याही पाठीमागे. वाक्य असं होतं: मला आईच्या रागावण्याची भीती नव्हती, ती रागावून गप्प बसायची त्याची होती, त्या गप्पपणात मी घरभर तिच्या मागे फिरायचो आणि ती मला दिसत नसल्यासारखी काम करायची. हे सगळं सहा फलाटांवर गेलं. खाली सामान उचलणारे थांबले, चहावाल्यानं किटली खाली ठेवली, एका गाडीचा चालक इंजिन बंद करून ऐकत राहिला. मग दादाला काचेतून सगळी वर झालेली तोंडं दिसली आणि त्यानं बटणावर हात मारला. साहेबांनी खुलासा मागितला, तो वेगळाच. पण थोड्या वेळानं एक अनोळखी बाई जिना चढून वर आली. खांद्यावरचं मूल झोपलेलं. तिनं दारातूनच विचारलं, "मग बोलली का आई?"

दादानं मौनीकडे पाहिलं. मौनीनं तोंड उघडलं, भुवई वर गेली. दादानं सांगून टाकलं, "बोलली. तिसऱ्या दिवशी." बाई बरं म्हणाली आणि गाडी पकडायला निघून गेली. खरं तर आई त्याच संध्याकाळी बोलली होती. पण मौनीनं मान डोलवली.

गावात चित्रपट बघणाऱ्यांचं एक मंडळ होतं. वाचनालयाच्या वरच्या मजल्यावर, लाकडी खुर्च्या मांडून, ते आडवळणाचे चित्रपट दाखवत. मौनीचे चित्रपट तिथे लागू लागले. पुढे इतर गावांतूनही बोलावणी यायला लागली. चित्रपट संपल्यावर लोक प्रश्न विचारत, आणि तिथे मौनीची पंचाईत व्हायची. पडद्यावर इतका वेळ ओघानं बोलणारा माणूस समोर उभा राहून ‘मी’च्या पुढे सरकेना, हे लोकांना उमजत नसे. मग दादा सोबत जायला लागला. तो बाजूला उभा राहून उत्तरं द्यायचा, आणि बोलताबोलता म्हणायचा, "मी तेव्हा फार एकटा होतो." लोक वह्यांत लिहून घ्यायचे. घरी येताना बसमध्ये दोघं त्यावरून हसायचे. मौनीच्या मनात कधीतरी बारीकशी कळ उठायची की हा ‘मी’ नक्की कुणाचा. पण दादा शेजारी खिडकीला डोकं टेकून घोरत असायचा, आणि घोरणाऱ्या माणसाशी वाद घालता येत नाही.

वाद व्हायचे ते काचेच्या खोलीत. मौनीनं लिहिलेलं वाचतावाचता दादा मध्येच थांबायचा. वडिलांची स्कूटर पिवळी नव्हती, निळी होती. तू विहिरीत पडला नव्हतास, पडता पडता राहिला होतास. मावशी तेव्हा आपल्याकडे नव्हतीच. मौनी सगळं कापून काढायचा. टेबलावर दोन यंत्रं शेजारी मांडून, एकातून दुसऱ्यात उतरवत, दादाचे खोकले, तक्रारी, पाण्याचे घोट, सगळं गाळून तो गुळगुळीत ‘मी’ बाहेर काढायचा. मूळ कॅसेटी मात्र त्यानं कधी टाकल्या नाहीत. लोखंडी पेटीत रचून ठेवायचा, ही त्याची सवय. कापलेल्या कडासुद्धा स्टुडिओत तो टाकू द्यायचा नाही.

मग गाड्या पुकारायला यंत्र आलं. कुठल्याशा बाईचा आवाज, प्रत्येक गावाचं नाव वेगळं वाचून नंतर जोडलेला. दादा निवृत्त व्हायला तसंही थोडंच राहिलं होतं. निरोपाच्या दिवशी त्यानं शेवटची गाडी स्वतः पुकारली, आणि खाली आल्यावर चहावाल्यानं त्याला सांगितलं की आता गाड्या वेळेवर आल्या तरी उशिरा आल्यासारखं वाटणार. आई त्याच्या आधीच गेली होती. दादाची मुलगी लांब नोकरीला होती. दादा आणि वहिनी आगाराजवळच्या दोन खोल्यांत राहायचे आणि मौनी आईच्या घरात. दादा रोज सकाळी चालत यायचा, मौनीच्या ओट्यावर बसून वर्तमानपत्र मोठ्यानं वाचायचा, आणि मौनी आतून ऐकत काम करायचा. ती चार-पाच वर्षं आठवली की मौनीला आजही वाटतं, तेव्हा घराला एक खिडकी जास्त होती.

दादा गेला तो दुपारी, खुर्चीत, चष्मा कपाळावर सरकवलेला असताना. हृदयानं दगा दिला. कुणाला हाक मारायलाही त्याला वेळ मिळाला नाही. भेटायला आलेल्यांपैकी अर्ध्यांनी त्याला कधी पाहिलेलंच नव्हतं. ते आवाजाच्या ओळखीवर आले होते. मौनीला लोक काहीबाही विचारत होते, आणि तो सवयीनं मान वळवून शेजारी बघायचा.

दोन महिने गेले असतील. वहिनी मौनीकडे आली. ती सहसा येताना दारापासून बोलत यायची. त्या दिवशी येऊन गप्प बसली. मौनीनं चहा केला. तो अगोड झाला होता हेही तिनं सांगितलं नाही. मग इकडचं तिकडचं काढलं, नळ गळतो, वरच्या मजल्यावरचे भाडेकरू बदलले. ताकाला जाऊन भांडं लपवणं तिच्या स्वभावात नव्हतं, म्हणून मौनी वाट बघत राहिला. शेवटी ती म्हणाली की सकाळी उठल्यावर घर बहिरं झाल्यासारखं वाटतं. तुझ्याकडे त्यांचा आवाज आहे ना, तो मला ऐकव.

मौनीला बरं वाटलं. आवाज तर त्याच्याकडे ढीगभर होता. त्यानं आपला सगळ्यात नावाजलेला चित्रपट लावला. दादा बोलू लागला: मी सात वर्षांचा असताना मला अंधाराची नाही, उजेडाची भीती वाटायची. वहिनी मान खाली घालून ऐकत होती. थोड्या वेळानं तिनं हात वर केला. मौनीनं थांबवलं. तिनं विचारलं, दुसरं काही? त्यानं दुसरा लावला, मग तिसरा.

"आवाज त्यांचाच आहे," वहिनी म्हणाली. "पण बोलतोयस तू. मला ते हवेत."

मौनीनं यंत्र बंद केलं. तीस वर्षं हा माणूस त्याच्यासमोर माईकशी बसला होता. मौनीच्या लहानपणापासून मौनीच्या सावलीपर्यंत सगळं त्याच्या गळ्यातून गेलं होतं. आणि दादानं दादा म्हणून बोललेलं एकही वाक्य त्या सगळ्या चित्रपटांत नव्हतं. वहिनी उठली. जाताना म्हणाली की वाईट वाटून घेऊ नकोस, मी आपलं सहज विचारलं. ते सहज नव्हतं हे दोघांनाही ठाऊक होतं.

ती गेल्यावर मौनीची नजर पेटीवर गेली.

कॅसेटींना बुरशी धरली होती. ज्या यंत्रावर त्या चालायच्या ते यंत्र कधीच मुकं झालं होतं. गावातल्या एका म्हाताऱ्या रेडिओ दुरुस्तीवाल्यानं तीन मोडक्या यंत्रांतून एक चालतं करून दिलं आणि बजावलं की मऊ फडक्यानं फीत पुसल्याशिवाय आत घालायची नाही. मौनी दिवसभर फिती पुसायचा आणि एकेक लावायचा. पडद्यावर कोपऱ्यातून दिसणारी काचेची खोली यायची: दादाची पाठमोरी मान, टेबल, काचेपलीकडे सरकणारी गाडी, आणि कडेला मौनीचा खांदा. दर कॅसेटीला दादाचं टक्कल थोडं वाढलेलं. खालच्या गाड्यांचे रंग बदलत गेलेले. ज्या मजकुरासाठी हे सगळं टिपलं होतं तो मौनी पुढे ढकलायचा. दोन वाचनांच्या मधलं ऐकायचा. जे त्यानं आयुष्यभर गाळलं होतं तेच.

त्यात दादा होता. पाणी मागणारा, पेन हरवल्यावर मौनीवर आळ घेणारा, काचेतून बघून सांगणारा की बघ, ती म्हातारी आजपण चुकीच्या फलाटावर उभी राहिलीय, थांब तिला पुकारतो. एकदा त्यानं मुलीच्या परीक्षेचा निकाल सांगितला होता आणि मग बराच वेळ टेबलावर बोटं वाजवली होती. एकदा वहिनीबद्दल सांगितलं होतं, की ती चिडली की आधी भांडी घासते. मी दारातच उभा राहून भांड्यांचा आवाज ऐकतो, आणि मग ठरवतो आत जायचं की तुझ्याकडे यायचं.

तिसऱ्या का चौथ्या दिवशी मौनी एकदम थांबला. कॅसेटीत दादाशी कुणीतरी बोलत होतं. स्कूटरवरून वाद चालला होता, आणि समोरचा माणूस दादाला बोलूच देत नव्हता. पिवळीच होती, तू तेव्हा तापानं फणफणला होतास, तुला काय दिसणार रंग, मी मागे बसलो होतो, माझ्या चांगलं लक्षात आहे. घडाघडा, न थांबता. मौनीला क्षणभर वाटलं की त्या दिवशी खोलीत तिसरं कुणीतरी आलं असेल. त्यानं फीत मागे घेतली. पुन्हा ऐकली. आवाज त्याचा स्वतःचा होता.

त्यानं मागच्या कॅसेटी पुन्हा काढल्या. सगळीकडे तेच. दादाबरोबर त्या खोलीत तो अडत नव्हता. क्वचित एखाद्या शब्दाला थबकायचा, दादा गाड्यांचा तक्ता चाळत राहायचा, आणि शब्द येऊन जायचा. आपल्याला आवाज नाही, या एका गोष्टीवर त्यानं सगळे चित्रपट उभे केले होते. आणि ती गोष्ट सांगायला बसल्यावर प्रत्येक दुपारी, त्याच खोलीत, त्याच कॅसेटीवर तो अघळपघळ गप्पा मारत होता. कापताना त्याच्या कानांवरून हे शेकडो वेळा गेलं असणार. तेव्हा तो कुठे कापायचं एवढंच ऐकत होता. त्यानं यंत्र बंद केलं आणि ओट्यावर येऊन बसला. समोरच्या घरातली बाई कपडे वाळत घालत होती. ती म्हणाली, काय हो, बरं नाही का? मौनी म्हणाला, "ब... बरंय." ते म्हणायला नेहमीइतकाच वेळ लागला, आणि त्याचं त्याला हसू आलं.

या सगळ्याचा त्यानं एक चित्रपट केला. आधी फक्त वहिनीसाठी. तो घेऊन तो तिच्याकडे गेला, पडदे ओढले आणि टीव्हीला यंत्र जोडलं. पाठमोरा दादा दिसला तशी वहिनी पुढे सरकून बसली. भांड्यांचा किस्सा आला तेव्हा ती म्हणाली, खोटारडा, दारात उभा राहायचा म्हणे, आणि मग तोंडाला हात लावून रडली. मौनी तिच्याकडे न बघता पडद्याकडे बघत राहिला. शेवटाजवळ एक तुकडा होता, दादाच्या निवृत्तीच्या आधीच्या वर्षातला. त्यात मौनी दादाला विचारतो की तुला कंटाळा नाही का येत, माझंच माझंच वाचून? दादा आधी घड्याळ बघतो. मग म्हणतो:

"दिवसभर गाड्या पुकारतो. त्यातली एकही माझी नसते. तुझ्या या कागदांत निदान मधूनमधून मी असतो."

एवढं बोलून तो बटण खाली करतो आणि एक गाडी पुकारतो.

वहिनीनं तो तुकडा पुन्हा लावायला सांगितला. मग पुन्हा. संध्याकाळ झाली तरी पडदे तसेच ओढलेले होते.

पुढे तो चित्रपट मंडळात लागला. मौनीनं जाहिरातीत नेहमीसारखंच लिहिलं होतं: आत्मचित्र. मंडळ आता नव्या पोरांच्या हाती होतं. चित्रपट संपल्यावर एका मुलीनं उठून विचारलं की यात सगळा वेळ तुमचे भाऊच दिसतात, तुमचा तर नुसता खांदा. मग हे तुमचं चित्र कसं? मौनी उभा राहिला. शेजारी कुणी नव्हतं. त्याची भुवई वर गेली, अंगठा मुठीत गेला. खुर्च्या करकरल्या, मग त्याही थांबल्या.

"ज्याच्याशी... बोलताना मी... अ... अडत नव्हतो," तो म्हणाला, "त्याच्यासमोरचा मी आहे हा."

बराच वेळ लागला. पण कुणी मध्ये पडलं नाही. ती मुलगीही उभीच राहिली.

हल्ली तो वहिनीचं टिपतो. तिकिटाच्या खिडकीतली पंचवीस वर्षं, तिथून दिसणारे हात, कोण भांडलं, कोण उगाच दुसऱ्यांदा रांगेत आलं. तो प्रश्न विचारायला लागतो, शब्द अडतो, आणि वहिनीला धीर नसतो. ती त्याचं वाक्य स्वतःच पुरं करून टाकते आणि दर वेळी चुकीचं करते. त्याला विचारायचं असतं पहिल्या दिवसाबद्दल, ती सांगते पहिल्या पगाराबद्दल. दादा असता तर बरोबर ओळखलं असतं. आता मौनी मान डोलवत नाही. कॅमेरा चालू ठेवून तो नाही म्हणतो, आणि सबंध वाक्य, जितका वेळ लागेल तितका घेऊन, पहिल्यापासून म्हणतो.